हीट पंपावर पाणी तापवायला महिन्याला खरे किती युनिट जातात? (बेळगाव, खानापूर, निपाणी भाग)

दुसरं_गेट
घर टिळकवाडीत, माणसं पाच. गच्चीवर २०० लिटरचा सोलर आहे, तो जून ते सप्टेंबर नावालाच. तेवढे चार महिने गॅस गिझर. आता २०० लिटरचा हीट पंप, म्हणजे हवेतली उष्णता ओढून पाणी तापवणारं मशीन, घ्यायचा विचार आहे. माहितीपत्रकात सीओपी (एका युनिट विजेमागं किती युनिट उष्णता मिळते तो आकडा) ४.२ आणि ७५ टक्के बचत असं छापलंय. माझा हिशेब असा: २०० लिटर पाणी २२ अंशांवरून ५० वर न्यायला ६.५ युनिट उष्णता लागते. भागिले ४.२, म्हणजे दिवसाला दीड युनिट, महिन्याला ४६-४७. सगळे आकार धरून युनिटला ७ रुपये पकडले तर सव्वातीनशे. इतकं स्वस्त असेल तर सगळ्यांच्या गच्चीवर का दिसत नाही? चूक कुठं आहे?

गॅसचार्जिंग
चुका दोन. टाकीच्या लिटरवरून हिशेब मांडायचा नसतो, बादलीवरून मांडायचा. आणि माहितीपत्रकातला सीओपी बहुतेक वेळा हवा २० अंश, पाणी १५ वरून ५५ अशा चाचणीतला असतो. त्यात टाकी रात्रभर गार होते ते धरलेलं नसतं, पाइपात पाणी अडकतं तेही नाही.

सूत्र पाठच करून ठेवा: लिटर × वाढलेले अंश × १.१६३ ÷ १००० = युनिट.

पाच माणसं, माणशी दोन बादल्या, बादली १८ लिटरची. म्हणजे १८० लिटर पाणी ४१ अंशांचं. नळाचं पाणी २२ धरा. १८० × १९ × १.१६३ ÷ १००० = ४.० युनिट. स्वयंपाकघरात भांड्यांना २० लिटर ४५ अंशांचं, त्याचं अर्धं युनिट. बादलीत आणि सिंकमध्ये प्रत्यक्ष पोचलेली उष्णता साडेचार युनिट.

आता गळती. चांगल्या पफची (उष्णता अडवणाऱ्या फोमच्या आवरणाची) २०० लिटरची टाकी दिवसाला एक ते दीड युनिट हवेत सोडते, १.३ धरू. गच्चीवरून बाथरूमपर्यंत पाऊण इंची सीपीव्हीसी पाइप १५ मीटर असेल तर त्यात पावणेचार लिटर पाणी मावतं. दर वेळी नळ सोडून बंद केला की तेवढं गरम पाणी पाइपातच गार होतं. एका वेळेला ०.१२ युनिट, दिवसातून सहा वेळा म्हणजे ०.७. एकूण ६.५.

तुमचाही आकडा ६.५ आला होता, खरं तो योगायोग. तुमच्या ६.५ मधले दोन युनिट अंघोळीला मिळतच नाहीत.

आपल्याकडच्या हवेत, ५० अंशांच्या सेटिंगला वर्षाचा सरासरी सीओपी ३ धरावा. ६.५ ÷ ३ = २.२ युनिट. महिन्याला ६५, साधारण ४५५ रुपये.

आता ७५ टक्क्यांचं बघू. बाथरूममधला १५ लिटरचा गिझर तुमच्या डोक्यावरच असतो, त्याला लांब पाइप नाही. साडेचार अधिक टाकीचं ०.७, म्हणजे ५.२ युनिट. महिन्याला १५६ युनिट, १०९० रुपये. बचत ५८ टक्के. सीओपी ४.२ वरून ७५ टक्के काढणारा माणूस गिझर आणि हीट पंप दोघांची गळती सारखीच समजतो, तिथं गणित फसतं.

कुंदा_पार्सल
बंबाला सीओपी लागत नाही आणि पाइपही नाही. 😀

गॅसचार्जिंग
लाकूड फोडणारा माणूस लागतो की.

दुसरं_गेट
म्हणजे महिन्याला सहाशे रुपये वाचतात. मशीनची किंमत लाख धरली तर तेरा वर्षं?

गॅसचार्जिंग
तेही बाराही महिने गिझर वापरणाऱ्या घरात. तुमचे फक्त चार महिने आहेत. चार गुणिले ९१ युनिट म्हणजे वर्षाला अडीच हजार. मशीनचं आयुष्य संपेल तरी वसूल होणार नाही. तुमच्यासाठी सरळ सल्ला: घेऊ नका. सोलरच्या टाकीत २ किलोवॅटची कॉइल बसवता येते का बघा, टायमर लावा, नाहीतर एका बाथरूमला छोटा गिझर लावा.

मात्र बारा माणसांच्या एकत्र घराचं गणित वेगळं. ४३२ लिटर पाणी, साडेनऊ युनिट उष्णता, गळती मात्र अडीचच, कारण टाकी थोडीच मोठी होते. बारा भागिले तीन, चार युनिट. गिझरवर तेच काम साडेदहा युनिटचं. दिवसाला साडेसहा युनिट, महिन्याला १३६५ रुपये वाचतात. सव्वा लाखाचं मशीन साडेसात वर्षांत सुटतं. लॉज, वसतिगृह, मंगल कार्यालय असेल तर त्याहून लवकर. वापर जितका जास्त तितका गळतीचा वाटा कमी.

वायरमन_उद्यमबाग
युनिटचा दर ७ धरून सगळे पुढं गेलात, गृहज्योतीचं, म्हणजे कर्नाटक सरकारच्या मोफत विजेच्या योजनेचं काय? इथं बहुतेक घरांचा खरा प्रश्न तोच आहे.

तुमची पात्रता २०२२-२३ च्या मासिक सरासरीवर अधिक १० टक्के, आणि वरची मर्यादा २०० युनिट. समजा सरासरी ११० होती, पात्रता १२१. आज गॅस गिझरवर अंघोळ करून वापर ११८, बिल शून्य. हीट पंपाचे ६५ मिळवले की १८३. वरच्या ६२ युनिटांचे पैसे, सुमारे ४३४.

आता पावसाळ्यात मशीनमधली बॅकअप रॉड (गिझरसारखी थेट विजेवर तापणारी) अधूनमधून लागली आणि २० युनिट वाढले. २०३ झाले. २०० ओलांडले की त्या महिन्याचं सगळंच बिल अंगावर. २०३ × ७ = १४२१, वर स्थिर आकार वेगळा. ४३४ चे १४२१ झाले, वीस युनिटांसाठी. म्हणजे रॉडचा एकेक युनिट जवळजवळ पन्नास रुपयांना पडला. १७० ते २०० च्या पट्ट्यात असणाऱ्यांनी रॉड बंदच ठेवावी, आणि रीडिंगच्या आधीच्या आठवड्यात मीटर रोज बघावा.

कन्नड बिलात बघताना: 'निगदित शुल्क' म्हणजे स्थिर आकार, तो मंजूर भाराच्या किलोवॅटवर असतो, वापर कितीही असो. 'विद्युत शुल्क' म्हणजे युनिटांचे पैसे. 'तेरिगे' म्हणजे कर, युनिटांच्या पैशावर ९ टक्के. त्याशिवाय अधिभार. शेवटची रक्कम वजा स्थिर आकार, भागिले युनिट, हा तुमचा खरा दर. ज्यांना शून्य बिल येतं त्यांनी बिलाच्या वरच्या भागातले आकडे घ्यावेत, वजावट होण्याआधीचे.

शिनोळी_नाका
हद्दीच्या अलीकडं, चंदगड बाजूला हे गणित लागू होत नाही. महावितरणला दराचे टप्पे आहेत: १००, ३००, ५०० युनिट. हीट पंपाचे युनिट बिलाच्या वरच्या टोकाला चिकटतात, म्हणून सरासरी दर न धरता शेवटच्या टप्प्याचा दर धरायचा. आणि गिझर काढून हीट पंप लावला तर बचतही त्याच महागड्या टप्प्यातली होते. त्यामुळे तेच मशीन शिनोळीत लवकर सुटतं, बेळगावात उशिरा.

वायरमन_उद्यमबाग
बरोबर. कर्नाटकात घरगुतीला आता टप्पे नाहीत, एकच दर.

घाटमाथा_जांबोटी
सगळं खरं, पण आमच्याकडं जून ते सप्टेंबर कपडे वाळत नाहीत, हवेत नुसतं पाणी. तेवढ्या ओल्या हवेत हे मशीन चालेल का? आणि चाललं तर युनिट वाढतील का?

गॅसचार्जिंग
उलट आहे. ओली हवा याला मानवते. मशीनच्या हवा ओढणाऱ्या गार कॉइलवर वाफेचं पाणी होताना तिच्यातली उष्णता मशीनला फुकट मिळते. तिथं गळणाऱ्या दीड लिटर पाण्यामागं साधारण एक युनिट उष्णता. २२ अंशांची पावसाळी हवा कोरड्या २२ पेक्षा चांगली. सोलर झोपतो तेव्हा हीट पंप बरा चालतो, इतकंच त्याचं आपल्या भागातलं खरं बलस्थान.

पण ते पाणी जायला वाट पाहिजे. खालच्या ट्रेला २० मिलिमीटरचा पाइप, उतार देऊन, वाटेत कुठंही वर चढ नको. ट्रे तुंबला की पाणी पंख्याच्या बाजूला येतं आणि पत्रा सडतो. वर पत्र्याचं छप्पर करा, बाजू मोकळ्या. सगळीकडून बंद खोलीत ठेवलं तर मशीन स्वतःच गार केलेली हवा परत ओढतं. मागं फूटभर, पुढं चार फूट मोकळं.

कॉइलवर बर्फ धरला तर थंडीला दोष देऊ नका. आपल्याकडं पहाटेला १३-१४ अंश असतात, तेवढ्यावर बर्फ धरत नाही. धरला तर जाळी तुंबलीय, पंखा हळू फिरतोय किंवा मशीनच्या आतला रेफ्रिजरंट गॅस कमी झालाय.

निपाणीकर
जाळी तुंबायला आमच्याकडं तंबाखूची धूळ आहेच, साखर कारखान्याजवळ राख. हंगामात दर पंधरा दिवसांनी धुवावी लागते. फवारा बारीक, वरून खाली. गाडी धुवायचं प्रेशर मशीन वापरलं की फिन, म्हणजे जाळीचे पातळ पत्रे, वाकतात आणि हवा कायमची अडते. वाकलेले असतील तर ते सरळ करायचा कंगवा, फिन कोंब, मिळतो, पन्नास-शंभरात. ब्रशनं घासायचं नाही.

दुसरं_गेट
मशीन दुपारी चालवावं असं वाचलं. हिवाळ्यात दुपारी २९-३०, पहाटे १४. फरक पडतो का?

गॅसचार्जिंग
पडतो, पाव भागाइतका. हवा एक अंश गरम मिळाली की सीओपी साधारण दोन टक्के सुधारतो. तेच पाण्याच्या सेटिंगचं, उलट दिशेनं: ६० वरून ५० वर आणलं तर १५ ते २० टक्के वीज वाचते.

टायमर दुपारी १ ते ४ लावा. २०० लिटरला तापायला अडीच तास पुरतात. सकाळपर्यंत टाकी तीन-साडेतीन अंश उतरते, त्याला घाबरून पहाटे पुन्हा चालवू नका. ५० लावलं तर सहा वाजता ४६ मिळतं, अंघोळीला ४१ लागतं.

कुंदा_पार्सल
शिवाय दुपारी काळ्या टाकीतलं पाणी आधीच तापलेलं असतं, तेही फुकट.

वायरमन_उद्यमबाग
नाही. गरम नळ सोडला की त्याच क्षणी तेवढं गार पाणी खालून टाकीत शिरतं. अंघोळ सकाळी, म्हणजे पाणी सकाळचंच, १८-२० अंशांचं. दुपारी मशीन चालू होतं तेव्हा टाकी आधीच भरलेली असते. संध्याकाळी अंघोळ करणाऱ्या घरालाच काळ्या टाकीचा फायदा.

कुंदा_पार्सल
पटलं. मागे घेतो.

अथणीचा_बोअर
बोअरच्या पाण्याचं कुणी बोललंच नाही. अथणी, रायबाग पट्ट्यात गिझरची कॉइल दोन वर्षांत पांढरी होते. बेळगाव शहरात राकसकोप धरणाच्या पाण्यावर राहणाऱ्यांना याचा अंदाज येत नाही.

गॅसचार्जिंग
खर्चाच्या बाजूनं सांगतो. चुना टाकीच्या भिंतीवर बसला की गॅसची उष्णता पाण्यात उतरायला अडते, कॉम्प्रेसरला जास्त दाब ओढावा लागतो, तीन चा सीओपी अडीचवर येतो आणि कुणाच्या लक्षातही येत नाही. ५५ च्या वर तापवलं की चुना भराभर बसतो, म्हणून जड पाण्याला ५० हीच मर्यादा.

पाण्याची तपासणी करा, त्यात क्लोराइड बघा. लिटरला २०० मिलिग्रॅमच्या वर असेल तर ३०४ स्टीलची टाकी नको. जोडाजवळ बारीक तडे जातात. काचेचा मुलामा असलेली किंवा ३१६ ची घ्या. मुलाम्याच्या टाकीत मॅग्नेशियमचा दांडा असतो. तो वर्षातून एकदा काढून बघायचा, अर्ध्याच्या खाली झिजला की बदलायचा. दांडा संपल्यावर गंज टाकीला धरतो. हजार-बाराशेच्या दांड्यासाठी टाकी घालवलेली घरं कमी नाहीत.

दर तीन महिन्यांनी खालच्या ड्रेनमधून बादलीभर पाणी सोडून गाळ काढा.

घाटमाथा_जांबोटी
आमच्याकडं लाइट गेली की दोन दिवस नाही, आली तरी व्होल्टेज १७०. मग मशीन नुसतं घुमतंय, सुरू होत नाही.

वायरमन_उद्यमबाग
१९० च्या खाली कॉम्प्रेसर उचलत नाही, घुमतो, तापतो, ओव्हरलोड पडतो. असं रोज झालं की वाइंडिंग जातं. मशीनला वेगळी २.५ चौरस मिलिमीटर तांब्याची वायर, १६ अँपिअरचा सी प्रकारचा एमसीबी (जास्त करंटला पडणारा स्विच), ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी (करंट गळला की वीज तोडणारा). स्टॅबिलायझर घेताना लाइट आल्यावर तीन मिनिटं थांबून देणारा घ्या. पाइपाला अर्थिंग जोडू नका, सीपीव्हीसीतून काही जात नाही. मशीनला स्वतंत्र अर्थिंग. घाटात विजा पडतात, म्हणून मेन बोर्डात सर्ज अरेस्टर हवा.

निपाणीकर
रॉड चालू आहे का बंद हे कसं ओळखायचं? पॅनलवर काहीच दिसत नाही.

वायरमन_उद्यमबाग
क्लँप मीटर असेल तर एकाच वायरभोवती धरा. कॉम्प्रेसर एकटा असेल तर साडेतीन-चार अँपिअर. रॉडसकट १० ते ११.

नसेल तर मीटरचा लाल दिवा मोजा. मीटरवर ३२०० इंपल्स असं छापलेलं असेल तर घरातलं बाकी सगळं बंद करून एक मिनिट मोजा. ४३ वेळा लुकलुकला तर ८०० वॅट, म्हणजे फक्त कॉम्प्रेसर. १२० च्या आसपास असेल तर रॉड लागलीय. १६०० चा मीटर असेल तर आकडे निम्मे.

रॉड आपोआप का लागते? तीन कारणं नेहमीची. सेटिंग ५५ च्या वर, मशीन तिथं पोचत नाही म्हणून रॉड मदतीला येते. 'फास्ट' किंवा 'हायब्रिड' मोड बसवणाऱ्यानं तसाच ठेवलाय. किंवा आठवड्याची जंतुनाशक फेरी.

दुसरं_गेट
जंतुनाशक फेरी बंद करता येते का?

गॅसचार्जिंग
करू नका. कोमट पाण्यात लिजिओनेला नावाचा जंतू वाढतो. आठवड्यातून एकदा टाकी ६० ला न्यावी. २०० लिटर ५० वरून ६० ला न्यायला २.३ युनिट, महिन्याला नऊ-दहा. रॉडनं होत असेल तर तेवढे हिशेबात धरा. आर-१३४ए गॅसवर चालणारी मशीन कॉम्प्रेसरवरच ६० गाठतात, तिथं खर्च निम्म्याहून कमी. आर-३२ किंवा आर-४१०ए ची बरीच मशीन ५५ ला थांबतात. घ्यायच्या आधी हे विचारा.

अथणीचा_बोअर
मशीन नीट चाललंय का, घरच्या घरी तपासायची रीत?

गॅसचार्जिंग
सकाळच्या अंघोळी झाल्या की गरम नळ कुणी सोडायचा नाही. दुपारी सुरू करताना टाकीचं तापमान आणि मीटरचं रीडिंग लिहा. फ्रिज सोडून बाकी बंद ठेवा, रॉड बंद. थांबल्यावर दोन्ही पुन्हा लिहा. टाकी २८ वरून ५० ला गेली तर २०० × २२ × १.१६३ ÷ १००० = ५.१. मीटर १.६ नं वाढला असेल तर सीओपी ३.२, ठीक. दुपारच्या हवेत अडीचच्या खाली आला तर आधी जाळी धुवा, मग रॉड तपासा, गॅसचा माणूस शेवटी. गॅस कमी म्हणून नुसता भरून देणाऱ्याला गळती कुठं आहे ते आधी दाखवायला सांगा.

टाकीचा सेन्सर मधोमध असतो, त्यामुळे अंघोळीनंतर लगेच केलेली चाचणी खोटी येते. वर ४६, खाली २०, आणि पॅनल ३० दाखवतो. तासभर थांबूनही थर मोडत नाहीत. म्हणून चाचणी एकाच दिवसावर सोडू नका. आठवडाभराचे युनिट आणि आठवडाभराच्या बादल्या मोजलेलं जास्त विश्वासाचं.

दुसरं_गेट
आणि सोलर ठेवून त्याच्या पुढं हीट पंप जोडला तर? वसूल होत नाही हे कळलं, तरी भावाच्या वडगावच्या घरात अकरा माणसं आहेत, तिथं सोलर आहे, म्हणून विचारतो.

गॅसचार्जिंग
तिथं एकामागं एक जोडा. सोलरचं गरम पाणी हीट पंपाच्या गार पाण्याच्या तोंडाला. पावसाळ्यात सोलर ३० देईल, पंप तिथून ५० करेल. उन्हाळ्यात सोलर ७० देतो, तेवढं पाणी पंपात सोडू नका, तीन व्हॉल्व्हचा बायपास ठेवा. दोन्ही एकाच टाकीवर जोडायची चूक करू नका. पंपानं टाकी आधीच तापवली तर सोलरच्या नळ्यांना तापवायला गार पाणीच उरत नाही आणि फुकटची उष्णता वाया.

दोन टाक्यांच्या मध्ये नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह हवा. गरम पाइप टाकीतून निघताच वर नेऊ नका, आधी वीत-दीड वीत खाली वळवून मग वर. नाहीतर रात्रभर गरम पाणी पाइपात चढतं, गार उतरतं आणि टाकी गपचूप गार होते. व्हेंट पाइप वरच्या गार टाकीच्या पाण्यापेक्षा उंच.

पाइपाला १३ मिलिमीटरचा काळा नायट्रिल फोम. उन्हात तो वर्षात भुगा होतो, वरून ॲल्युमिनियम टेप गुंडाळा.

घाटमाथा_जांबोटी
आमच्याकडं टेपसकट माकडं ओरबाडून नेतात.

वायरमन_उद्यमबाग
मग फोम दोन इंची पीव्हीसी पाइपात घाला. टोकं सिमेंटनं बंद करू नका, आत ओल साचते, जाळी बांधा.